नामदार नाना शंकरशेट आणि कायदेमंडळाची वाट

नाना शंकरशेट हे नाव आपल्या ज्ञातीच्या प्रत्येक घरात मुलांच्या कानी लहानपणीच पडते. आगगाडी आणणारे नाना, शाळा काढणारे नाना, मुलींच्या शाळेस आपल्या गिरगावच्या वाड्यात जागा देणारे नाना, अशी त्यांची ओळख मुलांस होते आणि ती यथार्थही आहे. परंतु ज्या एका कार्यात त्यांचे प्रौढ आयुष्य खर्ची पडले, ते या गोष्टींच्या मागे बहुधा झाकून राहते. परकीय राज्यकर्ते आपल्यावर जे कायदे करतात ते करताना आपले मत विचारले जावे की नाही, आणि त्या कायद्यांप्रमाणे न्याय देताना आपल्या माणसास बसावयास जागा असावी की नाही, हा तो प्रश्न होय. तलवार नव्हे, तर अर्ज, सभा आणि समितीवरील कामकाज ही त्यांची साधने होती. या साधनांनी काय साधले व काय साधले नाही, हे पाहण्याच्या हेतूने त्यांच्या चरित्राचा हा एक भाग या स्मरणिकेत वाचकांस सादर केला आहे.

नानांचा जन्म १० फेब्रुवारी १८०३ रोजी ठाणे जिल्ह्यातील मुरबाड येथे दैवज्ञ कुळात झाला. घराण्याचे मूळ उपनाव मुरकुटे. पण वडील शंकरशेट यांच्या नावाचीच मुंबईच्या पेठेत अशी पत होती की तेच पुढे घराण्याचे नाव झाले. मातोश्री भवानीबाई नाना लहान असतानाच निवर्तल्या. वडिलांनी मुलास घरीच शिक्षक ठेवून शिकविले व त्या काळी थोड्याच घरांत शिरलेली इंग्रजी भाषाही त्यांस अवगत करून दिली. १८२२ साली वडील वारले, तेव्हा एकोणीस वर्षांच्या या तरुणाच्या हाती मोठा व्यापार आणि मोठी संपत्ती आली. पैशाच्या जोरावर घरात बसून सुखाने राहणे त्यांस सहज शक्य होते. त्यांनी ती संपत्ती सार्वजनिक कामास जोडली, आणि त्याच सुमारास मुंबईत सुरू झालेल्या एतद्देशीयांच्या शिक्षणमंडळीत ते लवकरच अग्रभागी आले.

नानांच्या कार्याचे मोल कळण्यासाठी त्या वेळची राज्यव्यवस्था ध्यानात घेतली पाहिजे, आणि ती समजण्यास आपल्या बोरीवलीचेच उदाहरण उत्तम आहे. आपण आज मुंबईकर म्हणवितो. परंतु नानांच्या काळी माहीमच्या खाडीपलीकडचा हा सारा मुलूख साष्टी बेट म्हणून ओळखला जाई व त्याचा कारभार ठाण्याहून चाले. १७३७ ते १७३९ या काळात मराठ्यांनी साष्टी पोर्तुगीजांकडून जिंकली. १७७४ च्या अखेरीस इंग्रजांनी ती घेतली आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने ती त्यांच्याकडे कायम झाली. मुंबई शहर व बेट यांवर विलायतेच्या राजाच्या नावाने चालणाऱ्या सुप्रीम कोर्टाचा अधिकार होता. साष्टीतील रयतेवर मात्र कंपनी सरकारच्या अदालतींचा अधिकार चाले, आणि तेथील कायदा म्हणजे मुंबईच्या गव्हर्नरांनी आपल्या कौन्सिलात केलेले नियम. म्हणजे एकाच कंपनीच्या अंमलाखाली गिरगावच्या रहिवाशास एक न्याय आणि बोरीवलीच्या कुळंब्यास दुसरा. पहिल्या ठिकाणी न्यायाधीश राजाने नेमलेले कायदेपंडित असत. दुसऱ्या ठिकाणी महसूल गोळा करणाऱ्या कंपनीचेच नोकर न्यायासनावर बसत.

या दोन सत्तांचा संघर्ष नानांच्या पंचविशीत त्यांच्या डोळ्यांसमोर घडला. १८२८ साली पुण्यातील मोरो रघुनाथ नावाच्या अल्पवयी मुलास हजर करावे म्हणून सुप्रीम कोर्टाने हुकूम काढला. ठाण्याच्या तुरुंगातील एका कैद्याच्या बाबतीतही तसाच प्रसंग आला. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी शहराबाहेर हा हुकूम चालू देण्याचे नाकारले. कोर्टावर उरलेले एकटे न्यायाधीश सर जॉन पीटर ग्रँट यांनी १८२९ मध्ये कोर्टाचे कामच बंद ठेवले. अखेर विलायतेतील प्रिव्ही कौन्सिलने कोर्टाच्या विरुद्ध निर्णय दिला. राजाच्या न्यायालयाचे संरक्षण खाडीच्या अलीकडे संपते, हे त्या दिवशी कायम झाले. साहेबांतील या भांडणात ज्यांच्या अंगावर निकाल पडला, त्या एतद्देशीय लोकांस मात्र कोणी एका शब्दाने विचारले नाही.

शहरातील कोर्टातही आपल्या लोकांची स्थिती समाधानाची नव्हती. खटला उभा राहण्याजोगा आहे की नाही हे ग्रँड ज्यूरी ठरवी, आणि आरोपी दोषी की निर्दोष हे लहान ज्यूरी सांगे. १८२६ च्या पार्लमेंटच्या कायद्याने ज्यूरीचे दार एतद्देशीयांस उघडले खरे, पण अर्धवटच. ख्रिस्ती धर्माचा नसलेल्या मनुष्यास ग्रँड ज्यूरीवर बसण्याची मनाई होती, आणि आरोपी ख्रिस्ती असेल तर लहान ज्यूरीवरही त्यास स्थान नव्हते. हिंदू किंवा मुसलमान आरोपीचा न्याय ख्रिस्ती पंचांनी करावा, पण ख्रिस्ती आरोपीचा न्याय हिंदू, मुसलमान वा पारशी पंचांनी करू नये, असा हा कायदा. कलकत्त्यात राजा राममोहन राय यांनी याविरुद्ध लेखणी उचलली. मुंबईतही हिंदू, पारशी व मुसलमान पुढाऱ्यांनी एकत्र येऊन विलायतेस गाऱ्हाणे मांडले, आणि त्या मंडळीत तरुण नाना होते. १८३२ साली पार्लमेंटने ही मनाई उठविली, आणि शिवाय शहराच्या बंदोबस्ताचा व दंडाधिकाराचा हुद्दा जो जस्टिस ऑफ दि पीस, तोही एतद्देशीयांस खुला केला. त्यानंतर थोड्याच वर्षांत जे पहिले एतद्देशीय गृहस्थ या हुद्द्यावर नेमले गेले त्यांत नाना होते.

हा हुद्दा शोभेचा नव्हता. जस्टिस मंडळींकडे शहराच्या सफाईची, रस्त्यांची व करांची देखरेख असे, आणि पुढे मुंबई महापालिका ज्या बीजातून वाढली ते बीज हेच. आपल्यावर बसणारा कर कसा खर्च होतो हे विचारण्याचा कायदेशीर अधिकार मुंबईच्या रहिवाशास प्रथम या वाटेने मिळाला. नानांनी या एका यशावरून एक धडा घेतला व तो जन्मभर पाळला. ज्या गाऱ्हाण्यात सर्व जातींचे हित असेल ते सर्व जातींनी मिळून मांडावे, ते कागदावर स्पष्ट लिहावे, आणि ज्याच्या हाती निर्णय आहे त्याच्यापर्यंत, प्रसंगी सातासमुद्रापलीकडेही, पोचवावे.

१८४० साली सरकारने बोर्ड ऑफ एज्युकेशन स्थापन केले. त्यावरील तीन एतद्देशीय सभासद निवडण्याचा हक्क शिक्षणमंडळीस मिळाला. तिने नाना, फरामजी कावसजी आणि महंमद इब्राहिम मकबा यांस निवडले, म्हणजे एक हिंदू, एक पारशी व एक मुसलमान. या बोर्डावर अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांच्याशी नानांचा मोठा मतभेद झाला. पेरीसाहेब हे सुप्रीम कोर्टाचे न्यायाधीश. उच्च शिक्षण इंग्रजीतूनच द्यावे असा त्यांचा आग्रह. सामान्य लोकांस ज्ञान पोचवावयाचे तर ते त्यांच्या भाषेतूनच पोचेल, असे नानांचे म्हणणे. नाना स्वतः इंग्रजी उत्तम जाणत व इंग्रजी शिक्षणास त्यांनी मुक्तहस्ते देणगी दिली होती. तेव्हा हा वाद इंग्रजीच्या द्वेषाचा नव्हता. ज्या रयतेस सरकारचा नियम तिच्या भाषेत वाचता येत नाही तिला त्या नियमाविरुद्ध दादही मागता येत नाही, हे व्यवहारी सत्य त्यामागे होते. न्यायासनावर ज्यांची सत्ता होती त्या गृहस्थांस उघडपणे विरोध करून नाना १८५६ पर्यंत त्या बोर्डावर टिकून राहिले, यावरून त्यांचे वजन व त्यांचा संयम दोन्ही दिसतात.

कंपनीस राज्य करण्याची सनद पार्लमेंट वीस वर्षांच्या मुदतीने देत असे. १८३३ ची सनद १८५४ मध्ये संपावयाची होती. १८३३ च्या कायद्यात धर्म, जन्मस्थान, वंश किंवा वर्ण या कारणाने कोणत्याही एतद्देशीयास कंपनीच्या नोकरीस अपात्र ठरविले जाणार नाही, असे कलम होते. पण वीस वर्षांत या कलमाने एकही वरिष्ठ जागा आपल्या माणसास दिली नव्हती. सनद पुन्हा देताना आपले म्हणणे मांडण्याची ही संधी होती. कलकत्त्यास १८५१ मध्ये ब्रिटिश इंडियन असोसिएशन निघाली होती. मुंबईत २६ ऑगस्ट १८५२ रोजी एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनच्या दिवाणखान्यात बाँबे असोसिएशनची स्थापना झाली. सर जमशेटजी जीजीभाई मानाचे अध्यक्ष झाले, कामकाजाचे अध्यक्षपद नानांकडे आले, आणि नानांचे चिरंजीव विनायकराव व डॉ. भाऊ दाजी यांनी चिटणिशी सांभाळली. तरुण दादाभाई नौरोजीही या सभेत होते. मुंबई इलाख्यातील ही पहिली राजकीय संस्था होय.

असोसिएशनने तयार केलेला अर्ज १८५३ मध्ये पार्लमेंटपुढे गेला. त्यात विनवणीची भाषा असली तरी मागण्या मुद्देसूद होत्या. विलायतेत कंपनीचे डायरेक्टर आणि बोर्ड ऑफ कंट्रोल असा दुहेरी कारभार चालतो, त्यामुळे कोणत्याही गोष्टीची जबाबदारी कोणावरच राहत नाही. तो मोडून एकच जबाबदार व्यवस्था करावी. येथील कायदे गुप्तपणे होतात. कायदे करणाऱ्या कौन्सिलात एतद्देशीय गृहस्थ असावेत. वरिष्ठ नोकऱ्यांचे दार खरोखर उघडावे. मोफसलातील न्यायव्यवस्था सुधारावी, रस्ते-पूल बांधावेत. आणि पुन्हा वीस वर्षांचा मक्ता देऊन हा प्रश्न बंद करून टाकू नये.

अर्जाची भाषा कितीही नम्र असली तरी मुंबईतील अनेक साहेब लोकांस तो उद्धटपणा वाटला. वर्तमानपत्रांतून टीका झाली. सरकारची मर्जी खप्पा होईल या भीतीने असोसिएशनमधील काही धनिक सभासदांनी अंग काढून घेतले. नाना मागे हटले नाहीत. त्यांचा व्यापार, त्यांची सरकारी समित्यांवरील स्थाने, नव्या रेल्वे कंपनीतील त्यांचे संचालकपद, हे सारे सरकारच्या सद्भावावर अवलंबून होते. आणि तरीही सरकारविरुद्धच्या त्या अर्जाच्या मंडळीचे अध्यक्षपद त्यांनी सोडले नाही. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदराहून ठाण्यास पहिली आगगाडी निघाली तिच्या उतारूंत नाना होते, हे सर्वांस ठाऊक असते. त्याच वर्षी त्यांच्या मंडळीचा अर्ज लंडनमध्ये वाचला जात होता, हे फारसे कोणाच्या ध्यानी नसते.

१८५३ च्या कायद्याने काय दिले? मुदत ठरविली नाही, म्हणजे वीस वर्षांचा मक्ता संपला. सनदी नोकरीसाठी खुली परीक्षा ठरली, मात्र ती लंडनमध्ये. कलकत्त्यास कायदे करण्यासाठी बारा जणांचे कौन्सिल झाले. त्यात हिंदी मनुष्य एकही नव्हता. दुहेरी कारभारही तसाच राहिला. मागितले त्यातील थोडेच मिळाले. पण जे मिळाले त्याच्या आधारे पुढचे मागता येऊ लागले, हा लाभ लहान नव्हता.

मग १८५७ साल आले. उत्तरेत बंडाची आग भडकली आणि मुंबईचे सरकार सावलीलाही भिऊ लागले. शहरातील सर्वांत प्रतिष्ठित हिंदू गृहस्थ आणि सरकारास अर्ज करणाऱ्या मंडळीचा अध्यक्ष, एवढ्यावरून नानांविषयीही संशय घेतला गेला. चौकशीत काही निष्पन्न झाले नाही व संशय फिटला. परंतु ज्या मनुष्याने तीस वर्षे केवळ कायद्याच्या वाटेने चालण्याचे व्रत पाळले, त्याच्याकडेही राज्यकर्ते प्रसंगी कोणत्या डोळ्यांनी पाहतात, हे या घटनेने उघड केले. त्याच वर्षाच्या जुलैत मुंबई विश्वविद्यालयाचा कायदा झाला आणि त्याच्या पहिल्या फेलो मंडळींत नानांचे नाव होते. एका हाताने मान व दुसऱ्या हाताने संशय, अशी ही परवशतेची स्थिती. नानांनी मानाने फुगून जाऊन किंवा संशयाने खचून जाऊन आपले काम थांबविले नाही.

१८५८ मध्ये कंपनीचे राज्य संपले. असोसिएशनने ज्या दुहेरी कारभाराविरुद्ध अर्ज केला होता तो पाच वर्षांनी गेला. १८६१ च्या इंडियन कौन्सिल्स ॲक्टाने मुंबईस पुन्हा कायदे करण्याचा अधिकार मिळाला. गव्हर्नरांच्या कौन्सिलात कायदे करण्यापुरते चार ते आठ जादा सभासद नेमावेत व त्यांतील निदान निम्मे सरकारी नोकरीबाहेरचे असावेत, असे त्यात ठरले. २२ जानेवारी १८६२ रोजी हे कौन्सिल टाऊन हॉलमध्ये प्रथम भरले, आणि त्यातील पहिल्या एतद्देशीय सभासदांत नाना होते. तेव्हापासून ते नामदार झाले. त्याच वर्षाच्या ऑगस्टमध्ये मुंबईचे हायकोर्ट सुरू झाले. राजाचे सुप्रीम कोर्ट व कंपनीची सदर अदालत ही दोन्ही त्यात विलीन झाली. गिरगावच्या व बोरीवलीच्या दाव्यांचे शेवटचे अपील या इलाख्यात प्रथमच एका छपराखाली आले.

त्या कौन्सिलाचे अधिकार किती तोकडे होते हे लपविण्याचे कारण नाही. सभासद निवडलेले नव्हते, नेमलेले होते, आणि तेही दोन वर्षांसाठी. समोर आलेल्या कायद्याच्या मसुद्यापलीकडे त्यांस बोलता येत नसे. प्रश्न विचारता येत नसे. जमाखर्चावर चर्चा नव्हती. झालेल्या कायद्यास गव्हर्नर व गव्हर्नर-जनरल या दोघांची संमती लागे. नाणी, सैन्य, सरकारी कर्ज असे विषय तर गव्हर्नर-जनरलांच्या पूर्वसंमतीशिवाय कक्षेबाहेरच. शिवाय ज्या धनिक व प्रतिष्ठित वर्गातून असे सभासद घेतले जात, त्यांस साष्टीतील कुळांची किंवा डोंगरातील वारली-काथोड्यांची दुःखे कितपत दिसत, हाही प्रश्न आहे. बाँबे असोसिएशन ही मुख्यतः शहरातील संपन्न व सुशिक्षित लोकांची सभा होती, ही तिची मर्यादा होय. परंतु ज्या खोलीत आजवर केवळ साहेब बसून कायदे करीत, त्या खोलीत एक खुर्ची कायमची आपली झाली होती. रिकामी जागा मागण्यापेक्षा मिळालेली जागा वाढवून मागणे पुढच्या पिढीस सोपे गेले.

३१ जुलै १८६५ रोजी नानांचे देहावसान झाले. ज्या जस्टिस मंडळींत त्यांनी तीस वर्षे काम केले, त्यांनाच त्या वर्षीच्या कायद्याने मुंबई शहराच्या कारभाराची अधिकृत संस्था म्हणून मान्यता दिली. पुढे १८७२ मध्ये करदात्यांस प्रतिनिधी निवडण्याचा हक्क आला, आणि १८८८ चा महापालिका कायदा झाला तो अनेक दुरुस्त्यांसह अद्यापि चालू आहे. बाँबे असोसिएशन नानांच्या उतारवयात मंदावली होती, ती १८६७ मध्ये नौरोजी फर्दुनजी आदींनी पुन्हा उभी केली. १८९२, १९०९, १९१९ व १९३५ च्या कायद्यांनी कौन्सिलांची दारे क्रमाने रुंदावत गेली, आणि २६ जानेवारी १९५० रोजी प्रत्येक प्रौढ स्त्री-पुरुषास मताचा अधिकार देणारी आपली स्वतःची राज्यघटना अमलात आली. या दीर्घ प्रवासात तुरुंग भोगणारे, फाशी जाणारे, सत्याग्रह करणारे असंख्य लोक होऊन गेले. त्यांच्या त्यागाशी अर्जांची तुलना कोणी करू नये. तथापि पहिला अर्ज कोणी तरी लिहावाच लागतो.

बोरीवली १९५७ साली बृहन्मुंबई महापालिकेच्या हद्दीत आली. ज्या खाडीपाशी एके काळी राजाचा न्याय थांबत असे, ती खाडी आता लोकलमधून क्षणभर खिडकीबाहेर दिसते व मागे पडते. शहर व उपनगर यांतील कायद्याचा भेद गेला, आणि येथील प्रत्येक मतदार आपला नगरसेवक, आमदार व खासदार स्वतः निवडतो. ज्या हक्कासाठी नानांस तीस वर्षे थांबून दोन वर्षांची नेमणूक मिळाली, तो हक्क आपल्यास अठराव्या वर्षी आपोआप प्राप्त होतो.

दैवज्ञ समाजास नानांचा अभिमान वाटणे स्वाभाविक आहे. पण तो अभिमान सार्थ करावयाचा असेल, तर एक गोष्ट विसरता कामा नये. ज्यूरीसाठी, शिक्षणासाठी वा कौन्सिलसाठी नानांनी जे जे मागितले ते केवळ आपल्या ज्ञातीसाठी कधी मागितले नाही. पारशी, मुसलमान व इतर हिंदू यांच्यासह त्यांनी एकाच कागदावर सही केली. आपल्या संस्थेच्या वार्षिक सभेत हिशेब वाचला जातो तेव्हा तो नीट ऐकावा, शंका असेल तर सभ्यपणे विचारावी, निवडणुकीच्या दिवशी घरी बसू नये, आणि वस्तीतील पाणी, रस्ता वा शाळा यांविषयी तक्रार असेल तर शेजाऱ्यापाजाऱ्यांसह ती लेखी द्यावी. नामदार नाना शंकरशेट यांनी ज्या रीतीने एका साम्राज्याशी व्यवहार केला तीच ही रीत, आणि आपल्या तरुण पिढीने ती उचलली तर त्यांचे स्मरण पुतळ्याबाहेरही जिवंत राहील.